आरशांचा मनोरा आणि शाळेतला एक आरसा
(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



संयोजकांचा फोन आला तेव्हा ते म्हणाले, "तू जन्मभर ग्रंथपाल होतीस, तेव्हा एखाद्या पुस्तकावर बोल. पंधरा मिनिटं बोल. आणि जेवणाआधी कुणाला रडवू नकोस." पहिल्या दोन अटी मी नक्की पाळते. तिसरीचं बघू.

पुस्तक चिनी आहे. घाबरू नका, त्यातला एक माणूस तुमच्या चांगल्या ओळखीचा आहे. इतिहासाच्या बाईंनी आपल्याला ह्युएन त्संग शिकवला होता, आठवतंय? बाई समोरच बसल्या आहेत, त्यामुळे 'नाही' म्हणायची सोय नाही. सातव्या शतकात चीनहून निघालेला हा बौद्ध भिक्षू ग्रंथांच्या शोधात भारतभर फिरला. पुलकेशीच्या काळात, इ.स. ६४१ च्या सुमारास, तो आपल्या महाराष्ट्रातही येऊन गेला. इथल्या लोकांबद्दल त्यानं लिहून ठेवलंय की हे लोक उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत. परीक्षेत हा प्रश्न हमखास यायचा. उपकाराचं वाक्य मी दर वेळी बरोबर लिहायचे. ते लक्षात ठेवा, मी परत त्याच्याकडे येणार आहे.

पुढे चिनी लोकांनी या प्रवासाची एक अद्भुत कादंबरी केली, 'पश्चिमेची यात्रा'. तिची आज माहीत असलेली सर्वांत जुनी छापील प्रत १५९२ ची. तिच्यात ह्युएन त्संगाला एक शिष्य मिळतो, तो म्हणजे एक वानर. नाव सुन वुकाँग. हा बहात्तर रूपं घेतो, ढगावर बसून उडतो, सोनेरी टोकांचा दंड फिरवतो आणि कुणाच्या बापाला भीत नाही. गुरू भोळे, शिष्य वांड. तुमच्या डोळ्यांसमोर आपल्या वर्गातलं कोण आलं ते मला कळतंय. तो मागच्या रांगेत बसला आहे.

मी सांगणार आहे ते पुस्तक या कादंबरीची पुरवणी आहे. १६४१ च्या सुमाराचं, जेमतेम सोळा प्रकरणांचं. डाँग युए नावाच्या लेखकानं ते लिहिलं असं परंपरेनं मानतात. तेव्हा तो विशीतला पोरगा होता. पुढे मिंग राजवट कोसळली आणि हा गृहस्थ भिक्षू झाला. पुस्तकाचं इंग्रजी भाषांतर १९७८ मध्ये निघालं. मी पुण्याला कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरीला होते तेव्हा ते एका खोक्यातून माझ्या टेबलावर आलं. नाव होतं 'असंख्य आरशांचा मनोरा'. कोणत्या विषयाखाली लावायचं ते कळेना, म्हणून वाचायला घेतलं.

गोष्ट अशी. गुरूंसाठी भिक्षा मागायला निघालेला वानर वाटेत भलत्याच जगात शिरतो आणि एका मनोऱ्यात येऊन पोचतो. त्या मनोऱ्याच्या चारही भिंती आरशांच्या आहेत. एकंदर दहा लाख आरसे. वानर जवळ जाऊन बघतो, तर एकाही आरशात त्याचं स्वतःचं तोंड दिसत नाही! प्रत्येक आरशात वेगळं आकाश, वेगळे डोंगर, वेगळी माणसं. एक आरसा म्हणजे एक जग. सगळं दिसतं, फक्त बघणारा दिसत नाही.

त्यातल्या पहिल्या आरशात काय चाललं असेल? परीक्षेचा निकाल लागत असतो! यादी टांगलेली आहे आणि तिच्यापुढे ही झुंबड. कुणी हमसून रडतोय, कुणी शाई उगाळायची दगडी पाटी आपटून फोडतोय, कुणी उसनं हसू आणून उभा आहे. हे वाचताना मी एकदम आपल्या शाळेच्या व्हरांड्यात जाऊन उभी राहिले. निकालाची यादी, पुढच्यांच्या खांद्यांवरून डोकावणारे आपण, आणि "मला काही फरक पडत नाही" असं म्हणत विहिरीकडे निघून गेलेला आपला एक मित्र. त्याच्यामागे धावत गेलेले पीटीचे सर. सुदैवानं तो फक्त पाय धुवायला गेला होता. आज तो इथे आहे आणि चार नातवंडांचा आजोबा आहे.

पण हे आरसे नुसते बघायचे नाहीत, त्यांच्यातून पलीकडे जाता येतं. वानर एका आरशातून शिरतो आणि भूतकाळात उतरतो. आठशे वर्षं मागे, इ.स.पूर्व २०२ मध्ये मेलेल्या श्यांग यू या महापराक्रमी सरदाराच्या छावणीत. आणि तिथे वानर म्हणून त्याला राहता येत नाही. सरदाराच्या लाडक्या राणीचं रूप घ्यावं लागतं. ज्याच्या दंडानं स्वर्ग हादरला होता तो बिचारा पदर सावरत, लाजत, मुरकत सरदाराच्या बढाया ऐकत बसतो. फार हसवणारा भाग आहे. हसून झाल्यावर मात्र जाणवतं की भूतकाळात जाताना प्रत्येकाला असं काहीतरी सोंग घ्यावंच लागतं. सकाळपासून आपण इथे आठवणी सांगतोय. प्रत्येकाच्या आठवणीत तो स्वतः किती शूर आणि किती गरीब स्वभावाचा होता, हे ऐकून सर गालात हसत होते. मी पाहिलंय.

तिथून वानर घसरतो तो थेट भविष्यात. तिथे पंचांग हातात घेतो तर वर्षाची सुरुवात शेवटच्या महिन्यानं आणि महिन्याची सुरुवात तीस तारखेनं! भविष्यातलं पंचांग उलटं चालतं. ते वाचलं तेव्हा मी तिशीत होते, मला तो विनोद वाटला होता. आता सासष्टीत तो विनोद वाटत नाही. आपल्या सगळ्यांच्या घरी सध्या तेच पंचांग टांगलेलं आहे.

या भविष्यात नेमका यमराज वारलेला असतो. खुर्ची रिकामी, निवाडे पडून, कारकून हवालदिल. ते वानरालाच यमाच्या खुर्चीवर बसवतात. त्याच्यापुढे पहिला मोठा खटला येतो तो छिन ह्वेईचा. हा बाराव्या शतकातला खराखुरा माणूस, सुंग राजवटीचा मंत्री. सातव्या शतकातल्या वानराच्या दृष्टीनं तो पाचशे वर्षं पुढचा. त्या काळी युए फेई नावाचा सेनापती उत्तरेकडून आलेल्या शत्रूशी लढत होता, जिंकत होता. त्याला परत बोलावून घेतलं, तुरुंगात घातलं, आणि ११४२ च्या सुरुवातीला मारलं. फितुरीचा पुरावा कुठे आहे असं एका सरदारानं विचारलं, तेव्हा छिन ह्वेईनं तीन अक्षरी उत्तर दिलं. त्याचा अर्थ साधारण, "असेलही कदाचित." चिनी भाषेत ती तीन अक्षरं आजही खोट्या आळासाठी वापरतात. हांगझौला युए फेईच्या समाधीपुढे छिन ह्वेई आणि त्याच्या बायकोचे लोखंडी पुतळे गुडघ्यांवर बसवलेले आहेत. लोक त्यांच्यावर थुंकायचे.

तर वानर त्या मंत्र्याला अशा काही शिक्षा देतो की विचारू नका. जात्यात दळतो, पुन्हा माणूस करतो, पुन्हा शिक्षा. शेवटी त्याचं रक्त पेल्यात घालून आदरानं युए फेईपुढे ठेवतो. आणि युए फेई ते प्यायला नकार देतो.

पहिल्या वाचनात मी या प्रकरणावर खूश होते. दुष्टाला शिक्षा होताना वाचायला कुणाला आवडत नाही? खुर्चीत वानराच्या शेजारी मीही बसले होते.

आता गेल्या वर्षाचं सांगते. या मेळाव्यासाठी व्हॉट्सॲपवर आपला गट झाला आणि कुणीतरी नववीच्या वर्गाचा फोटो टाकला. खुर्च्यांवर सर आणि बाई, मागे आपण, आणि अगदी डाव्या टोकाला, अर्धे चौकटीबाहेर, प्रयोगशाळेचे मामा. खाली एकानं विचारलं, "हे कोण?" उत्तर आलं, "अरे, हेच ते आरसा फोडणारे मामा!" मग हसणारे चेहरे. पंधरा-वीस तरी असतील. लिहिणाऱ्याचा काही दोष नाही. त्याला जे माहीत होतं ते त्यानं लिहिलं. आपल्या सगळ्यांना तेच माहीत आहे.

ज्यांना आठवत नसेल त्यांच्यासाठी सांगते. प्रयोगशाळेत एकच मोठा अंतर्गोल आरसा होता, लाकडी पेटीत, कापसात ठेवलेला. सरांनी तो वर्गात दाखवला होता. जवळ धरला की तोंड भलंमोठं आणि सुलटं, लांब नेला की लहान आणि उलटं. नववीच्या पावसाळ्यात तो पेटीतच फुटलेला सापडला. किल्ली मामांकडे असायची. चौकशी झाली, आणि आरशाचे अठरा रुपये मामांच्या पगारातून कापले गेले.

मंडळी, तो आरसा मामांनी फोडला नव्हता. मी फोडला होता.

मधल्या सुट्टीत मामा घंटा द्यायला गेले तेव्हा दार उघडं होतं. मला मैदानातला झेंड्याचा खांब त्या आरशात उलटा बघायचा होता. खिडकीशी नेला, हातातून निसटला. तुकडे गोळा करून पेटीत घातले, वर कापूस लावला, झाकण बंद केलं. उजव्या हाताचं बोट कापलं होतं, त्याला रुमाल गुंडाळला. चौकशीच्या वेळी सर वर्गात आले आणि विचारलं, "कुणाला काही माहीत आहे का?" मी दुसऱ्या बाकावर होते. हुशार मुलगी, वर्गाची मॉनिटर. माझ्यावर कुणाचा संशय जाणं शक्यच नव्हतं. मी फळ्याकडे बघत राहिले.

आरसा फुटला त्याच दिवशी संध्याकाळी नळावर मामा भेटले होते. माझ्या बोटाकडे बघितलं आणि म्हणाले, "बाळ, हळद लाव त्याला." एवढंच. पगार कापला गेल्यावरही ते कुणाला काही बोलले नाहीत. त्यांना माहीत होतं की नव्हतं, असं मी इतकी वर्षं स्वतःला विचारत आले. खरं सांगायचं तर विचारायची गरजच नव्हती.

व्हॉट्सॲपवरचं ते वाक्य वाचलं त्या रात्री मी पुस्तक पुन्हा काढलं. दहा लाख आरशांत वानराला स्वतःचं तोंड का दिसत नाही, ते तेव्हा कळलं. माझ्या शाळेच्या आठवणींत सगळे आहेत. सर, बाई, तुम्ही, चिंचेचं झाड, मामांची घंटा. फुटका आरसाही आहे. तो फोडणारी मुलगी मात्र मी कधी दिसू दिली नव्हती. एका निरपराध माणसावर आळ आला तेव्हा तोंड बंद ठेवणारी मुलगी छिन ह्वेईच्या खटल्यात यमाच्या शेजारी खुर्चीवर बसली होती.

गोष्ट कशी संपते ते सांगते. वानर भूत-भविष्य फिरून मनोऱ्यात परत येतो आणि बाहेर पडायची वाट शोधतो. वाट सापडत नाही. चिडून कठड्याला धडक देतो, तर कठड्याचे लाल धागे होतात आणि त्याला आवळून टाकतात. तो रूपं बदलतो, धागे तसे घट्ट होतात. मग एक म्हातारा येतो आणि एकेक धागा हातानं सोडवतो. वानर त्याचं नाव विचारतो. म्हातारा म्हणतो, माझंही नाव सुन वुकाँग. आणि वानराच्या अंगात शिरून दिसेनासा होतो.

पुढे तो जागा होतो. तिकडे त्यानं कित्येक दिवस काढलेले असतात, पण गुरू अजून तिथेच आहेत आणि इथे फारसा वेळही गेलेला नाही. काळ आपल्या गतीनं चाललेला असतो, भरकटलेलं असतं ते मन. भूतकाळात जाऊन त्याला एकही गोष्ट बदलता आलेली नसते. जे काही करायचं ते परत आल्यावर, स्वतःच्या रूपात, स्वतःच्या दिवसांत.

म्हणून मी गेल्या महिन्यात इथे आले होते. मामा जाऊन बरीच वर्षं झाली. त्यांची मुलगी आपल्याच शाळेत, आपल्यामागे दोन वर्षं होती. तिच्या घरी गेले, तिच्यासमोर बसले आणि सगळं सांगितलं. तिनं मध्ये एक शब्द बोलली नाही. मग उठून चहा टाकला आणि ओट्याशी पाठमोरी उभी राहून म्हणाली, "त्या वर्षी मला कंपासपेटी मिळायची होती. बाबा म्हणाले, पुढच्या वर्षी घेऊ. मी चार दिवस त्यांच्याशी बोलले नव्हते."

अठरा रुपयांचा अर्थ मला त्या दिवशी समजला.

मी पाकीट नेलं होतं. तिनं ते माझ्या हातात परत दिलं. म्हणाली, "ताई, पैसे नकोत. बाबांच्या नावानं बक्षीसबिक्षीसही नको. त्यांनी आरसा फोडला असं शाळेत सगळ्यांसमोर म्हटलं गेलं होतं. तुम्ही शाळेतच, सगळ्यांसमोर सांगा." मला रक्ताच्या पेल्याला नकार देणारा युए फेई आठवला. ज्याच्यावर अन्याय होतो त्याला पुष्कळदा आपण देऊ करतो ते नकोच असतं. त्याला हवं ते आपल्याला सर्वांत जड जातं.

ती आज इथे आली आहे. तिसऱ्या रांगेत, आपल्या मुलाबरोबर. तिच्यासमोर आणि तुम्हा सगळ्यांसमोर मी सांगते: आरसा मी फोडला, लपवला, आणि मामांची बदनामी होत असताना गप्प बसले. मामांची मी माफी मागू शकत नाही, ती वेळ मी घालवली. तिची मागते. आणि सर, तुमचीही. तुम्ही विचारलं होतंत आणि मी फळ्याकडे बघत होते.

आणखी एक काम आहे. मी ग्रंथपाल, मला नोंदवह्यांची सवय. डेड स्टॉक रजिस्टर रद्दीत जात नाही हे मला माहीत होतं. मुख्याध्यापक सरांना विनंती केली आणि त्यांनी कपाटातून ते जुनं रजिस्टर शोधून काढलं. त्यात आरशापुढे शेरा आहे, 'शिपायाच्या हलगर्जीपणामुळे फुटला.' जुना शेरा खोडायचा नसतो, तो नियम मलाही मान्य आहे. पण खाली नवीन शेरा लिहिता येतो. युए फेई निर्दोष असल्याचं नव्या सम्राटानं ११६२ मध्ये जाहीर केलं, त्याच्या मृत्यूनंतर वीस वर्षांनी. मला एक्कावन्न लागली. मुख्याध्यापकांनी परवानगी दिली आहे. भाषण संपल्यावर मी कार्यालयात जाऊन माझं नाव, आजची तारीख आणि खरं काय घडलं ते लिहून सही करणार आहे. मामांच्या लेकीला विनंती आहे की साक्षीदार म्हणून तिनं सही करावी.

आणि जमलं तर आपल्या गटावरच्या त्या फोटोखाली कुणीतरी मामांचं नाव नीट लिहा. ते काय करायचे तेही लिहा. सकाळी सगळ्यांच्या आधी येऊन दारं उघडायचे, स्पिरिटच्या दिव्यांच्या वाती कापायचे, एका मुलीला बोटाला हळद लावायला सांगायचे.

उपकार न विसरणारे लोक असं ह्युएन त्संगानं आपल्याबद्दल लिहून ठेवलंय. परीक्षेत त्या वाक्याला मला दोन गुण मिळाले होते. बाई, ते तेव्हा परत घ्यायला हवे होते.

संयोजक घड्याळ दाखवताहेत, पंधराची वीस मिनिटं झाली. तुम्ही जेवायला बसा, मी कार्यालयात जाऊन येते. माझं पान वाढून ठेवा, आणि शेजारचं मामांच्या लेकीचंही.